आधी शालू, मग आहेर

हैदराबादच्या गौलीगुड्यातल्या मराठी घरांत लग्न ठरलं की आचाऱ्याच्याही आधी सुशीलाबाईंकडे निरोप जाई. बस्त्याचा दिवस त्यांना विचारून धरत. बस्ता म्हणजे लग्नाच्या कापडाची खरेदी. दोन्हीकडची माणसं एका दुकानात ठाण मांडून नवरीच्या शालूपासून मामाच्या टोपीपर्यंत सगळं एका बैठकीत घेतात, आणि बहुतेक लग्नांत पहिलं भांडण तिथंच होतं. सुशीलाबाई बरोबर असल्या की ते होत नाही, असा त्यांचा लौकिक होता.

त्या देगलूरकडच्या. शेतकरी घरातली मुलगी लग्न होऊन हैदराबादला आली, कारण नवरा, मुकुंदराव, पाटबंधारे खात्यात होता. त्यांचा स्वतःचा बस्ता त्यांना नीट आठवत होता. सकाळपासून आत्या, मावश्या, नणंदा यांच्या आहेराच्या साड्या निघत होत्या. नवरीचा शालू सगळ्यांत शेवटी, दिवेलागणीला घेतला, तेव्हा नवरी खांबाला टेकून पेंगत होती. एका आत्याने समोरचा उचलला. "एका दिवसासाठी कशाला एवढी चिकित्सा," म्हणाली. तो शालू सुशीलाबाईंनी लग्नानंतर अंगाला लावला नाही.

त्यामुळे दुसऱ्यांच्या बस्त्याला जाऊ लागल्यावर त्यांनी पहिली गोष्ट केली ती क्रम उलटा केला. आधी शालू, मग आहेर. शालू ठरला की लगेच त्याला कुंकू लावायचं आणि बाजूला ठेवायचा. कुंकू लागलेलं कापड दुकानात परत जात नाही, हे सगळ्यांना मान्य होतं, म्हणून मागाहून कुणा काकूला दुसरा रंग सुचला तरी उपयोग नसे. घरून सगळ्यांनी जेवून निघायचं, हा त्यांचा आणखी एक दंडक. "उपाशी बाई साडी निवडत नाही, भांडण निवडते," असं त्या म्हणत. दुकानदाराने ढीग घालायला सुरुवात केली की "नक्को भाई, तीनच," म्हणून त्याचा हात धरत. नापसंत झालेली साडी डोळ्यांसमोर ठेवू देत नसत. ती दिसत राहिली की मन तिच्याकडे जातं.

पण त्यांची खरी खूण वेगळी होती. त्या नवरीचा हात बघत. पोरीचं तोंड सासूकडे असतं, जीभ आईच्या ताब्यात असते, हात तेवढा तिचा असतो, असं त्यांचं मत होतं. ज्या साडीकडे हात पुन्हा पुन्हा जाई, ती उचलून त्या म्हणत, "हीच." त्यावर कुणी काही बोलत नसे. पोरी मान खाली घालत. थोरल्या बायकांना सुटल्यासारखं वाटे.

सत्त्याण्णव साली, तुळशीच्या लग्नानंतर, त्यांच्या स्वतःच्या मुलीचा बस्ता निघाला. त्रिवेणी एका नव्या खाजगी बँकेत होती. नवरा मुलगा चिन्मय सॉफ्टवेअर कंपनीत, मूळचा पुण्याचा. त्याची आई मंगलाताई बस्त्यासाठी आठवडाभर आधी येऊन राहिल्या होत्या. सुशीलाबाईंच्या मनात सुलतान बाजारातलं नेहमीचं गादीवरचं दुकान होतं. मंगलाताईंनी आबिडसला नवं झालेलं दालन बघून ठेवलं होतं. तीन मजले, लिफ्ट, एसी. शालू मुलाकडचा, त्यामुळे दुकानही त्यांच्याच पसंतीचं ठरलं.

"काय की बाई, एवढ्या साड्यांचं करतात काय," जिना चढताना सुशीलाबाई म्हणाल्या.

"अहो, आता असंच असतं सगळीकडे," मंगलाताई म्हणाल्या. "बघायला तर मिळतं."

मुकुंदराव सामान सांभाळायला खालीच बसले. वर गेल्यावर विक्रेत्याने एका दमात इतके शालू उलगडले की त्रिवेणी एक पाऊल मागे सरली. सुशीलाबाईंनी पदर खोचला. "नक्को भाई, तीनच," त्या म्हणाल्या. विक्रेत्याला असं कुणी सांगितलं नसावं. त्याने मंगलाताईंकडे पाहिलं. मंगलाताईंनी मान हलवली, आणि पुढचा अर्धा तास सगळं सुशीलाबाईंच्या पद्धतीने चाललं. तीन आले, दोन गेले. ट्यूबलाइटचा भरवसा नको म्हणून त्यांनी शालू गॅलरीच्या काचेच्या दाराशी, उजेडात नेऊन पाहिले. एक हिरवा, रुंद जरीच्या काठाचा शालू राहिला. त्रिवेणीचा हात काठावरून फिरला, मागे आला, पुन्हा गेला. पुन्हा एकदा.

"हीच," सुशीलाबाई म्हणाल्या.

"वा," मंगलाताई म्हणाल्या. "मला वाटलं होतं संध्याकाळ होईल."

त्रिवेणीने मान खाली घातली. सुशीलाबाईंनी पिशवीतून डबी काढून शालूच्या कोपऱ्याला कुंकू लावलं, आणि मंगलाताईंना त्याचा नियमही सांगितला. मग आहेराच्या साड्या सुरू झाल्या. चहा आला.

देगलूरला दिलेल्या नणंदेसाठी रंग बघताना सुशीलाबाईंचं सहज लक्ष गेलं. त्रिवेणी शालूच्या घडीजवळ एकटी बसली होती, आणि तिचा हात पुन्हा काठावर होता. त्यांना ते खटकलं. आवडलेली वस्तू आपली झाली की हात तिला सोडतो. इतक्या बस्त्यांत त्यांनी हेच पाहिलं होतं. त्या उठून तिच्याशेजारी जाऊन बसल्या.

"काय करायलीस?"

"काही नाही."

"त्रिवेणी."

तिने काठ उलटा करून मनगटावर घासला. "उलट्या बाजूनं टोचायलाय, आई. मघापासून बघायले, सवय होते का."

"मग बोलली का नाहीस?"

"तू हीच म्हणलीस. तू हीच म्हणल्यावर आजवर कोण बोललंय?"

सुशीलाबाईंना जामबागची एक मुलगी आठवली. तिचा हात किरमिजी शालूवरून हलत नव्हता, म्हणून त्यांनी तो उचलून दिला होता. पुढे तिने त्याचे काठ काढून पडद्यांना लावले, तेव्हा सुशीलाबाई तिला उधळी म्हणाल्या होत्या. हात आवडलं म्हणून जातो, तसा खटकलं म्हणूनही जातो. दोन्हींत फरक करायचा तर तोंडाने विचारावं लागतं. तेवढं त्यांनी कुणालाच विचारलं नव्हतं, आणि त्याचमुळे त्यांचे बस्ते झटपट होत होते.

"राहू दे," त्रिवेणी म्हणाली. "कुंकू लागलंय. एका दिवसाचा तर प्रश्न आहे."

हे शेवटचं वाक्य तिने म्हटलं नसतं, तर सुशीलाबाई कदाचित गप्प बसल्या असत्या. विहिणीसमोर, लग्नाच्या आधी, मुलगी नखरेल ठरली तर ते पुढे वर्षानुवर्षं ऐकावं लागतं, हे त्यांना चांगलं माहीत होतं. पण ते वाक्य त्यांच्या आत्याचं होतं. त्या उठल्या आणि आहेराच्या ढिगाऱ्यापाशी गेल्या.

"मंगलाताई, शालू चुकला."

"म्हणजे? डाग आहे का?"

"नाही. मी चुकले. पोरीला काठ टोचायलाय, अन् मी आवडला म्हणून सांगून टाकलं. ती काही बोलली नव्हती."

मंगलाताईंनी चष्मा वर केला. "अहो, पण कुंकू लावलंत ना त्याला. तुम्हीच म्हणालात मघाशी, परत जात नाही म्हणून."

"जात नाहीच."

"अम्मा, एक्सचेंज हो जाता," विक्रेता मध्येच म्हणाला. "कुंकू पोंछ देते, पताच नै चलता."

दोघी एकदम त्याच्याकडे वळल्या. तो घड्या घालू लागला.

मंगलाताईंनी हातातली साडी खाली ठेवली. त्रिवेणीकडे बघून म्हणाल्या, "इकडे ये गं. दाखव हात." मनगटावर लाल रेघ होती. त्यांनी स्वतः काठावरून बोट फिरवलं आणि तोंड वाकडं केलं. "सुशीलाबाई, तुमची देवी कुठली?"

"माहूरची."

"आमचीही. लग्नानंतर जोडप्याला न्यायचंच आहे तिकडे. देवीला नेसवू हा. तिला टोचायचं नाही."

"मग ह्याचे पैसे आमच्याकडून."

"त्यावर नंतर भांडू. एकच सांगते, विहीणबाई. आता तुम्ही बोलायचं नाही."

"नाही बोलत."

हे म्हणणं सोपं होतं. शालू पुन्हा येऊ लागले, आणि या वेळी तीनाचा नियम सांगायलाही त्यांना तोंड नव्हतं. तो त्रिवेणीने सांगितला. ती प्रत्येक काठ उलटा करून मनगटावर घासत होती, मग मानेला लावत होती, मग काचेच्या दाराशी जाऊन येत होती. एक राणी रंगाचा शालू तिने दोनदा परत मागवला. तो घेऊ नये असं सुशीलाबाईंना मनापासून वाटत होतं. त्यांनी ओठ मिटून कपातला गार चहा पिऊन टाकला.

खाली बसून कंटाळलेले मुकुंदराव वर आले. "झालं का?"

"नाही."

"तू असून?"

"मी आज नाही."

मुकुंदरावांनी तिघींकडे आळीपाळीने पाहिलं आणि एक स्टूल ओढून घेतलं.

राणी रंगाचा गेला. मग एक आबोली रंगाचा आला, काठ बोटभर, जर मऊ. विक्रेत्याने तो जवळजवळ नाइलाजाने काढला होता. त्रिवेणीने तो खांद्यावरून घेतला, खाली बसली, उठली, हात पुढे करून समोरून काही उचलल्यासारखं केलं.

"आई, हा कसा?"

सुशीलाबाईंना तो लग्नाच्या मानाने साधा वाटत होता. "तुला कसा?" त्या म्हणाल्या.

त्रिवेणीने विचार करायला वेळ घेतला. विक्रेत्याने तोंड उघडलं, तेव्हा मंगलाताईंनी त्याला हातानेच थांबवलं.

"ह्यात मला जेवता येईल," त्रिवेणी म्हणाली.

सुशीलाबाईंनी कुंकवाची डबी काढली आणि मुलीच्या हातात दिली. "तूच लाव," त्या म्हणाल्या.

आहेर त्या दिवशी पुरे झाले नाहीत. उरलेल्यांसाठी दुसऱ्या दिवशी सुलतान बाजारात जावं लागलं, तेही घाईघाईत. देगलूरच्या नणंदेला हवा तो जांभळा मिळाला नाही, आणि हे ती प्रत्येक दिवाळीला बोलून दाखवते. सुशीलाबाई अजून लोकांच्या बस्त्याला जातात. क्रम तोच आहे, जेवून निघायचं तेही तसंच. पण हल्ली त्यांना नेलं तरी काम लवकर उरकत नाही, अशी गौलीगुड्यात तक्रार आहे.