जिन्यातला पाठमोरा शॉट

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कारंज्याच्या शाळेतल्या देशपांडे बाईंचे. वडील मला दुकानात बसवणार होते, तेव्हा बाईंनी घरी येऊन त्यांना समजावलं आणि मी घरातला पहिला पदवीधर झालो.

गेल्या महिन्यात दिल्लीत मयूर विहारच्या आमच्या सोसायटीत सिनेमाचं शूटिंग होतं. टीव्ही मालिकांत केस पिकलेल्या दिग्दर्शिकेचा तो पहिलाच सिनेमा. जिन्यातलं ऊन उतरत होतं, परवानगी त्या दिवसापुरतीच होती आणि नट गुरुग्रामच्या ट्रॅफिकमध्ये अडकलेला. मी फोनवर मराठीत बोलत ऑफिसातून परतलो, तोच मॅडमनी मागून गाठलं.

“मराठी आहात? अच्छा, मग वाचवा मला. नोकरी लागल्याचं सांगायला आलेला मुलगा आहात. जिना चढा आणि दार वाजवा, बस.”

कॅमेरामन कुरकुरला, “मॅडम, चेहरा नहीं लेंगे?”

“सीरियलमध्ये दर वाक्याला सगळ्यांचे चेहरे तीन-तीनदा दाखवले, यार. आता फक्त पाठ. चेहरा लोक मनात बघतील.”

मी जिना चढलो आणि दार वाजवलं. बऱ्याच वेळाने ‘कट’ ऐकू आलं. वळून पाहिलं, तर मॅडम खालच्या पायरीवर बसल्या होत्या, दोन्ही हात गालांवर ठेवून हसत.

“मिळाला शॉट,” त्या म्हणाल्या. “माझा सिनेमा सुरू झाला.”

त्याच संध्याकाळी मी पत्र टाकलं:

‘बाई, सिनेमा लागला की जरूर बघा. त्यात जिना चढणारी पाठ माझी आहे. दार मात्र मी तुमचंच समजून वाजवलं.’