तात्या पेरूकर

माझं ठाम मत आहे की ऑस्ट्रेलियात येऊन अल्पाकांना वळण लावायला निघालेला माणूस आजवर एकच झाला, आणि तो आमच्या कुंपणापलीकडे राहायचा. टूवूंबाच्या ज्या टोकाला घरं संपतात आणि शेतं सुरू होतात, जिथे लोकांनी बसची आशा कधीच सोडून दिली आहे, तिथे आमचं घर, आणि शेजारी हे गृहस्थ. ऐंशीच्या घरातले, चणीने लहानखुरे, बारा महिने डोक्यावर तपकिरी फेल्टची हॅट. मूळचे पेरू देशातल्या उंच डोंगरांतले. त्यांच्या बोलीला केचुआ म्हणतात आणि केचुआत वडीलधाऱ्या पुरुषाला 'ताय्ता' म्हणतात, हे त्यांनी पहिल्याच भेटीत मला बजावलं. आमच्या घरात पोचेपर्यंत त्याचं 'तात्या' झालं होतं, आणि माझ्या आईने त्यांना परस्पर 'पेरूकर' हे आडनावही लावून टाकलं. बारसं इतक्या झटपट झालेला ऐंशी वर्षांचा माणूस मी दुसरा पाहिला नाही.

सकाळी मी हॉस्पिटलच्या शिफ्टला निघालो की तात्यांचा वर्ग भरलेला असे. कुंपणाशी तीन अल्पाका, म्हणजे उंटाची पेरूच्या डोंगरातली लोकरवाली भावंडं, माना उंच करून उभे, आणि समोर तात्या हातवारे करत त्यांना केचुआत फैलावर घेताहेत. हे बिचारे इथेच जन्मले, यांच्याशी लहानपणी कोणी नीट बोललंच नाही, म्हणून ते लोकांवर थुंकतात, असा त्यांचा सिद्धांत होता. मी एकदा विचारलं, "तात्या, त्यांना कळतं का सगळं?" तात्या त्यांच्या मोडक्या इंग्रजीत म्हणाले, "ऐकतात छान, मेट. उत्तर देत नाहीत. घरच्यासारखंच वाटतं." माझी लेक तेव्हा गाडीत मागच्या सीटवर होती आणि माझ्या मराठी प्रश्नांना "या, आय नो, बाबा" म्हणत होती. मी गाडी सुरू केली. गंमत म्हणजे पेरूमध्ये तात्यांनी अल्पाकाला हातही लावला नव्हता. ते मेंढ्या राखायचे. पण इथल्या एका फार्मच्या मालकाला पेरूचा माणूस म्हटल्यावर अल्पाका आलाच असं वाटलं, आणि त्याने यांना नोकरीवर बोलावून घेतलं. "मग काय केलंत?" मी विचारलं. "काय करणार? विमानात बसलो," तात्या म्हणाले. इथल्या प्रत्येक पार्टीत मला योगासनांबद्दल सल्ला विचारतात, त्यामुळे त्या विमानातली त्यांची मनःस्थिती मला अगदी आतून समजली.

माझी आई त्यांना भेटली ती वाळवणामुळे. बाबा गेल्यावर तिला मी इकडे आणलं होतं. आम्ही दोघं नवराबायको कामाला, लेक शाळेत, आणि आई दिवसभर मोठ्या काचेतून रिकामा रस्ता बघत बसलेली. एका जूनमध्ये, म्हणजे इथल्या ऐन हिवाळ्यात, तिला दिसलं की शेजारचा म्हातारा कडाक्याच्या थंडीत अनवाणी पायांनी गवतावरचे बटाटे तुडवतोय. त्यांच्या गावाकडे बटाटे रात्री हिमात गोठवतात, सकाळी तुडवून त्यांतलं पाणी काढतात आणि उन्हात खडखडीत वाळवतात. मग ते वर्षानुवर्षं टिकतात. रस्त्यावरून जाणाऱ्या एकाने आपली यूट, म्हणजे इथली छोटी मालगाडी, थांबवून "यू ऑलराइट, मेट?" असं विचारलं, तेव्हा तात्या न थांबता म्हणाले, "नो वरीज, स्वयंपाक चाललाय." आईला मात्र काही विचारावं लागलं नाही. तिने काठी घेतली, कुंपणाचं फाटक उघडलं, आणि तात्यांचं वाळवण मॅगपाय पक्ष्यांपासून राखायला खुर्ची टाकून बसली. टूवूंबाचं हिम हे नाव मोठं आणि लक्षण खोटं अशातलं. बटाटे काही गोठले नाहीत, आठवड्यात त्यांना असा वास सुटला की अल्पाकासुद्धा दुसऱ्या कोपऱ्यात गेले. पण तात्या दर जूनमध्ये ते पसरायचे आणि आई दर जूनमध्ये राखायला बसायची. "कुजणारेत गं ते," मी म्हणायचो. "म्हणून काय राखायचे नाहीत?" आई म्हणायची.

पुढे तात्या रोज दुपारी आमच्या व्हरांड्यात येऊ लागले. पहिल्या दिवशी त्यांनी चहाचा पहिला घोट बशीतून जमिनीला वाहिला, म्हणजे आमच्या नव्या कार्पेटला. बायकोचा चेहरा बघण्यासारखा झाला. आई म्हणाली, "चित्राहुती घालणारा माणूस आहे, त्याला बाहेर बसव." तेव्हापासून बैठक बाहेर. मी लवकर घरी आलो की ऐकायचो: आई मटार सोलत मराठीत काही सांगतेय, तात्या "हं" म्हणताहेत, मग तात्या केचुआत काही सांगताहेत, आई "हं" म्हणतेय. आईचा जन्माचा नियम होता की सांगणाऱ्याला हुंकार मिळालाच पाहिजे. लहानपणी गोष्ट ऐकताना आमचं "हं" थांबलं की तिची गोष्टही थांबायची. तात्यांना हे कोणी शिकवावं लागलं नाही. बहुधा त्यांच्या डोंगरातही हीच रीत असावी. एकमेकांचं अक्षर कळत नसताना दोघं तास दोन तास असे बोलायचे, मधेच हसायचे, एकदा तर मी आईला डोळे पुसताना पाहिलं. "काय बोलता गं एवढं?" मी विचारलं. "बोलतो आपलं," आई म्हणाली, आणि शेंगांची टोपली उचलून आत गेली.

मला वाटलं, यात काही अर्थ नाही. तात्यांची बायको गेली तेव्हापासून या देशात त्यांच्याशी केचुआत बोलणारं कोणी उरलं नव्हतं. मुलगा वॉल्टर गावातल्या गराजमध्ये ट्रक दुरुस्त करायचा, मनाने सोनं, पण त्याला केचुआचा शब्द येत नव्हता. तो लहान असताना तात्या काही वर्षं लिमा शहरात राहिले होते. तिथे यांच्या डोंगरी उच्चारांना दुकानदारापासून मास्तरापर्यंत सगळे हसायचे. तेव्हा तात्यांनी आणि त्यांच्या बायकोने ठरवलं की पोराच्या तोंडात फक्त स्पॅनिश घालायची. आपली बोली दार लावून, दोघांतच बोलायची. "पोराला कोणी हसू नये," तात्या मला म्हणाले होते. "कोणी हसलं नाही त्याला. बरं झालं." हे 'बरं झालं' म्हणताना त्यांनी हॅट काढून तिच्यात बघितलं होतं.

म्हणून मी शोध घेतला, आणि इथल्या युनिमध्ये शेतीवर पीएचडी करणारी एक मुलगी सापडली. पेरूमधल्या कुस्कोची, घरी केचुआच बोलणारी! तात्यांना सांगितलं, तर ते खुर्चीतून उठलेच. रविवारी सकाळीच त्यांनी दाढी केली, हॅट घासली, बटाटे उकडले, अल्पाकांनाही बहुधा तंबी दिली असावी. मुलगी आली. तात्या उभे राहून एक लांबलचक वाक्य बोलले, कितीतरी वर्षं तोंडात धरून ठेवलेलं. मुलगी हसली, आणि गोंधळली. मग ती काही बोलली. तात्या कानाला हात लावून पुढे झुकले. त्यांनी पाण्याला याकू म्हटलं, तिने उनू म्हटलं. बटाटा तेवढा दोघांचा एकच निघाला. मला त्या दिवशी कळलं की केचुआ ही एक भाषा नाहीच, ते भाषांचं मोठं खटलं आहे, आणि त्यातली तात्यांची शाखा तिच्या शाखेपासून फार पूर्वीच वेगळी निघालेली. मुंबई-पुण्यात वाढलेल्याला परमुलखात आपलं माणूस भेटावं आणि त्याने कोकणीत सुरुवात करावी, तसं काहीसं. फक्त अंतर त्याहून जास्त. दोघं शेवटी स्पॅनिशमध्ये बोलले, आणि स्पॅनिश बोलताना तात्यांची पाठ आपोआप ताठ झाली, मास्तरासमोर उभं राहिल्यासारखी. मुलगी गेल्यावर ते म्हणाले, "छान मुलगी. फार गोड बोलते. काय बोलते ते कळत नाही." आणि उकडलेले बटाटे आईला देऊन घरी गेले. मला रडू आवरेना.

यंदा मार्चमध्ये तात्यांना स्ट्रोक आला. मी त्याच हॉस्पिटलात एक्स-रे काढतो, त्यामुळे दुपारच्या सुट्टीत वर वॉर्डात जायचो. त्यांची इंग्रजी गेली होती, स्पॅनिशही गेली होती. उरली ती फक्त पहिली बोली, आणि तीत ते सारखे, तळमळून बोलत होते. वॉल्टर त्यांचा हात धरून वेडापिसा झालेला. "ही वॉन्ट्स समथिंग, मेट. पाणी मागतोय? दुखतंय? माझा बाप आहे आणि मला कळत नाही!" दुभाष्यांच्या फोनवर स्पॅनिशवाले होते, यांच्या शाखेचं कोणी नव्हतं. ती कुस्कोची मुलगी बिचारी धावत आली, कान लावून बसली, आणि म्हणाली, "मेंढ्या आहेत काहीतरी. आणि आई. बाकी नाही लागत मला." वॉल्टर भिंतीला टेकून रडायला लागला.

मी आईला घेऊन आलो. ती पलंगाशी खुर्ची ओढून बसली, तात्यांकडे बघत थोडं ऐकलं आणि मला म्हणाली, "मागत नाहीयेत रे ते काही. सांगताहेत." मग ती म्हणाली, "हं." तात्या थांबले. त्यांनी तिच्याकडे पाहिलं आणि पुन्हा बोलायला लागले, पण आता सावकाश, एकेक वाक्य करून. आई म्हणत होती, "हं... अगंबाई... मग?" अर्ध्या तासात त्यांच्या कपाळावरची आठी गेली. आईने उठून वॉल्टरला आपल्या खुर्चीत बसवलं. त्याला मराठी येत नव्हती, तिला इंग्रजी जेमतेम. तिने नुसतं त्याच्या खांद्यावर थापटलं. तो हळूच म्हणाला, "हं." नंतरचे दिवस तो तिथेच बसून होता. तात्या गेले तेव्हा बोलत होते आणि वॉल्टर हुंकार देत होता.

महिन्याभराने तो आमच्याकडे आला. अल्पाका एका ओळखीच्या फार्मवर दिल्याचं त्याने सांगितलं, चहा घेतला, आणि मग मला म्हणाला, "तुझ्या आईला विचार ना, डॅड दुपारी काय सांगायचा तिला?" मी विचारलं. आई म्हणाली, "मला काय कळणार, बाबा? मी आपली माझंच सांगायचे." वॉल्टरने विचारलं, ती काय सांगायची. आईने माझ्याकडे एक नजर टाकली आणि म्हणाली, "घरातलं काहीबाही, म्हणावं." तो हसला, तिला वाकून मिठी मारली आणि गेला.

त्याची गाडी वळल्यावर मी तात्यांच्या खुर्चीत बसलो. "काय सांगायचीस गं त्यांना?"

"तुला नाही सांगता येणार."

"का?"

"तुला समजेल ना," आई म्हणाली.

बाबांच्या शेवटच्या आजारपणाबद्दल, मी तेव्हा इथून पोचलो नव्हतो त्या दिवसांबद्दल ती माझ्याशी कधीच बोललेली नाही. ते सगळं या व्हरांड्यात, माझ्या भाषेत, रोज दुपारी सांगून झालं होतं. आता ते पेरूच्या एका म्हाताऱ्यासोबत गेलं. त्याचं सगळं मात्र आईकडे राहिलं, तिला न कळता. मी म्हटलं, "सांग ना, आई. मी मधे काही बोलणार नाही. नुसतं हं म्हणेन."

आईने माझ्या तोंडाकडे बराच वेळ पाहिलं. काहीतरी तिच्या ओठांपर्यंत आलं होतं, मला शपथेवर सांगता येईल. मग तिने पदराने चष्मा पुसला आणि म्हणाली, "उद्या शिफ्टवरून येताना दूध आण."