हिमनदीपाशी दुभाष्या

माझ्या आईने नागपूरच्या एका मराठी शाळेत अठ्ठावीस वर्षं भूगोल शिकवला. हिमनदीचा धडा तिने अठ्ठावीस वेळा शिकवला आणि हिमनदी एकदाही पाहिली नाही. फळ्यावर निळ्या खडूने काढायची, एवढीच काय ती ओळख. नव्वदच्या दशकात मी शिकागोजवळ शॉमबर्गला नोकरी करत होतो, तेव्हा ती सहा महिन्यांसाठी आमच्याकडे आली आणि मी जाहीर केलं, आईला अलास्काला नेणार, हिमनदी दाखवणार. हे लोकांना सांगायचं कारण. खरं कारण माझ्या जॅकेटच्या आतल्या खिशात होतं. मुक्काम वाढवून मागायचा सरकारी फॉर्म. मी तो सगळा भरून ठेवला होता, फक्त तिची सही राहिली होती.

आदल्या वर्षी बाबा गेले. मला ऑफिसात फोन आला तेव्हा शिकागोत बर्फाचं वादळ सुरू होतं आणि विमानं बंद होती. मी नागपूरला पोचलो तिसऱ्या दिवशी. शेजारच्या मुलांनी सगळं उरकलं होतं. दारात चपलांचा ढीग होता, आत सतरंजीवर माणसं बसली होती, आणि मी बॅग हातात धरून उंबऱ्यात उभा. मी एकुलता एक. त्या दिवसापासून मी एकच गोष्ट धरून बसलो, की आईला तिथे एकटं ठेवायचं नाही. मी हे बायकोला सांगितलं, मित्रांना सांगितलं, फक्त आईला सांगितलं नाही. तिला मी विचारायचो, "इथे छान आहे ना?" ती म्हणायची, "हो, छान आहे." तो मी होकार समजायचो. शहाणा माणूस! आणि खोटं कशाला बोलू, मुलीला डे-केअरमधून आणायला घरचं माणूस होईल, हाही हिशेब डोक्यात नव्हता असं नाही.

निघायच्या दोन दिवस आधी मुलीला कांजिण्या झाल्या. बायको तिच्यापाशी राहिली. मुलीला नि आईला आपापल्या चालीने फिरता यावं म्हणून मी खास एक गाडी आणि गाईड आमच्यापुरती ठरवली होती, ती आता आम्हा दोघांच्याच वाट्याला आली. अँकरेजच्या हॉटेलसमोर सकाळी जी बाई व्हॅन घेऊन आली ती आईच्याच वयाची असावी. पांढरे केस, पुरुषी बूट, आवाज खणखणीत. आईची नऊवार नव्हे पण चांगली जाडजूड सुती साडी, तिच्यावर माझं एक जुनं जॅकेट, कानटोपी आणि पायात स्पोर्ट्स शूज, हे ध्यान बघून ती अजिबात हसली नाही. तिने आईसाठी पुढचं दार उघडलं. मी मागे बसलो, आणि तिथून माझी दुभाष्याची नोकरी सुरू झाली.

सुरुवातीला सोपं होतं. बाई सांगायची, डोंगर कसा झाला. मी आईला सांगायचो. पण आई साधी प्रवासी थोडीच होती! "विचार त्यांना, ही दरी इंग्रजी यू सारखी आहे की व्ही सारखी?" बाई खूश. "विचार, हिमनदी वाहताना डोळ्यांना दिसते का?" बाई म्हणाली, नाही, फार सावकाश सरकते, खुणा लावून ठेवल्या तरच कळतं. आईचा चेहरा पडला. "पोरं विचारायची, बाई, दिसते का हो वाहताना? मी हो सांगत आली इतकी वर्षं." मी म्हटलं, जाऊ दे, आता कोण तपासायला येणार आहे. तिला ते आवडलं नाही.

मग बाईने आरशातून मला विचारलं, तुझी आई किती दिवस राहणार आहे? मी इंग्रजीत म्हटलं, बहुतेक आता आमच्याकडेच. आईने मान वळवली. "काय म्हणाल्या?"

"विचारतात, थंडी वाजते का."

"एवढ्या लांब वाक्यात नुसती थंडी?" आई म्हणाली. मी खिडकीबाहेर बघायला लागलो.

माझा बेत असा, की धबधब्यापाशी तिचा मूड छान असेल, तेव्हा हळूच विषय काढायचा. धबधबा होताही तसा, उंच कड्यावरून सरळ खाली. पण त्याच्यासमोर माणसाला काही समजावून सांगता येत नाही, हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. मी तिच्या कानाशी ओरडलो, "आई, मी काय म्हणतो, तू आता इथेच राहा." ती ओरडली, "काय?" मी पुन्हा ओरडलो, "इथेच राहा!" ती आज्ञाधारकपणे जागच्या जागी उभी राहिली आणि म्हणाली, "काढ फोटो." मी झक मारत फोटो काढला. आमच्या दोघांच्या अंगावर तुषार उडत होते, चष्मे ओले झाले होते, आणि खिशातला फॉर्म भिजू नये म्हणून मी एक हात छातीवर धरून होतो.

दुपारी हिमनदीपाशी पोचलो. खडीतून बरंच चालायचं होतं. बाईने आईच्या बुटांना खाली काटे असलेले पट्टे बांधले, तिचा हात धरला आणि दोघी टाक टाक करत बर्फावर चढल्या. मी मागे. आई थांबली, वाकली, हातमोजा काढून बर्फाला बोट लावलं.

"ही काळी काहून आहे? पुस्तकात पांढरी होती."

बाईने सांगितलं, डोंगराची माती आणि दगड ती सोबत ओढत आणते. मी तसं सांगितल्यावर आई किती तरी वेळ बघत राहिली. मला वाटलं, आता बोलावं. पण ऑफिसात वीस माणसांसमोर उभा राहून बोलणारा मी, आईसमोर तोंडाला कुलूप.

जेवायला खडीवर, मोठ्या दगडाच्या आडोशाला बसलो. बाईने सँडविच काढलं, तर आईने ते तिच्या हातातून घेऊन बाजूला ठेवलं आणि पोळीत लसणाची चटणी व बटाट्याची भाजी गुंडाळून दिली. बाईने खाल्लं, डोळ्यांतून पाणी काढलं, आणखी मागितलं. तेव्हापासून आईच्या बोलण्यातल्या 'त्या' जाऊन 'ती' आली. बाई आपलं सांगू लागली. तिची मुलगी फ्लोरिडात असते, आई तू इकडे ये म्हणून मागे लागली आहे, पण मला ते ऊन सोसायचं नाही आणि माझी माणसं इथे आहेत. मी भाषांतर करताना जरा कात्री चालवली. म्हटलं, तिची मुलगी फ्लोरिडात असते, तिला आईची काळजी वाटते.

आई चटणीची डबी बंद करत होती. ती म्हणाली, "सांग तिला, मला माझ्या घरी जायचं आहे."

मी बाईकडे वळलो आणि इंग्रजीत म्हणालो, आई म्हणते आहे, इथे फार ब्यूटिफुल आहे.

बाई हसली नाही. माझ्या तोंडाकडे बघत राहिली. आणि आई म्हणाली, "तू ब्यूटिफुल म्हणाला. मी घर म्हणाली."

मला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं.

"एवढं इंग्रजी मला येतं बेटा. तिचं भराभरा बोलणं समजत नाही, पण तुझं समजतं. आता नीट सांग. मी एकेक वाक्य सांगून थांबते." आणि ती शुद्धलेखन घालतात तशी सुरू झाली. एक वाक्य, मग थांबा. बघत माझ्याकडे नव्हती, त्या बाईकडे बघून बोलत होती. लेकी बोले सुने लागे, म्हणतात ना. आमच्या घरी ही विद्या पिढीजात. पण इथे लेक परकी, सून मी, आणि सुनेला लागणारा बोल सुनेनेच पोचवायचा! तोंड दाबून बुक्क्यांचा मार याहून वेगळा काय असतो?

"मला माझ्या घरी जायचं आहे."

आय वॉन्ट टु गो होम, मी म्हणालो.

"इथे मला काहीच त्रास नाही. सून चांगली आहे. नात गोड आहे. मी मराठीत विचारते, ती इंग्रजीत उत्तर देते, मग मी हसते."

मी सांगितलं. दुभाष्याने 'ती म्हणते' म्हणावं की नाही मला माहीत नव्हतं, माझ्या तोंडून नुसतं 'मी', 'मी' निघत होतं.

"दिवसभर मी खिडकीतून पार्किंग बघते. कोणाची गाडी किती वाजता येते, मला पाठ झालं आहे."

"तिथे रविवारी विहारात माझी जागा ठरलेली आहे. वंदना झाली की बायका थांबतात, मी पेपर वाचून दाखवते. संध्याकाळी वस्तीतल्या पोरी अभ्यासाला येतात. मी इकडे आली तेव्हापासून त्यांचं गणित बंद आहे."

मी तेही सांगितलं. शेवटी शेवटी आवाज फाटला. बाईने हात पुढे केला तो आईच्या नाही, माझ्या खांद्यावर ठेवला आणि म्हणाली, इट्स ओके, हनी. तिला कदाचित वाटलं असेल, घरी मलाच जायचं आहे. अमेरिकेतल्या सात वर्षांत मी हे वाक्य कुणापुढे उच्चारलं नव्हतं. त्या दिवशी आईच्या नावावर उच्चारलं.

फॉर्मवर सही झाली नाही आणि आई तीन आठवड्यांनी ठरल्या तारखेला गेली, हे आताच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं कुणी आशेने वाचायला नको. पण तेव्हा मी चिडलो. रडू आवरायचं असलं की मी चिडतो, आणि चिडलो की माझी भाषा सरळ नागपूरला जाऊन पोचते.

"तिला काय सांगून राहिली तू? मी इथे बसलो आहे ना! मला काहून नाही सांगितलं?"

"तुला रोज सांगून राहिली," आई म्हणाली. "रोज विचारत होती ना, माझं तिकीट कोणत्या तारखेचं आहे?"

खरं होतं. ती रोज विचारायची. मला वाटायचं, वय झालं, विसरायला लागली. एकटं ठेवू नये याचं ते मी आणखी एक कारण धरलं होतं. बायकोलाही तसं सांगितलं होतं, की बघ, आई विसरते आता. आणि ती बिचारी रोज नव्याने आठवण करून देत होती.

बाईने थर्मासमधला चहा तीन कपांत ओतला आणि एक माझ्या हातात दिला. मला त्या बाईचाही राग आला, इतक्या समंजसपणे बसल्याबद्दल. शेवटी जे आत होतं ते बाहेर पडलं. मी म्हणालो, "आई, मला भीती वाटते. बाबांच्या वेळी मी पोचलो नाही. तू तिथे एकटी असशील, तुला काही झालं, आणि मी पुन्हा तिसऱ्या दिवशी येऊन दारात उभा राहिलो तर? मला ते पुन्हा सहन होणार नाही. तू राहा ना. माझ्यासाठी राहा."

हे मी इतक्या महिन्यांत पहिल्यांदा बोललो होतो. आईने आता कुठे माझ्याकडे पाहिलं. स्वतःची कानटोपी मागे सरकवून माझा चष्मा काढला, त्यावर जमलेलं पाणी पदराने पुसलं, चष्मा पुन्हा माझ्या नाकावर बसवला.

"सकाळी सातला तू जातो," ती म्हणाली. "रात्री आठला येतो. बायकोचंही तेच. मधे मी एकटीच असते ना घरात?"

मी मान हलवली.

"मग इथे मेली तरी तू उशिराच पोचशील बेटा."

तिच्या आवाजात राग नव्हता, टोमणाही नव्हता. पोराचं गणित चुकलं की बाई जशी फळ्यावर पायरी दाखवते तेवढंच.

"व्हॉट डिड शी से?" गाईड बाईने हळूच विचारलं.

मी सांगायला तोंड उघडलं, तर आईने माझ्या मनगटावर हात ठेवला. "हे नको सांगू तिला," ती म्हणाली. "हे आपल्या घरातलं आहे."