दुसऱ्यांदा पाठवणी

प्रशिक मेश्राम कॅमेरा चालवायचा आणि लिहायचाही. बुटीबोरीच्या कारखान्यांच्या जाहिराती, दोन माहितीपट असं बरंच त्यानं टिपलं, पण घर चाललं ते लग्नांवर. रविवारच्या पुरवणीत लग्नघरच्या गमती लिहायला लागल्यावर प्रताप नगरात लोक त्याला लेखक म्हणू लागले आणि स्वारी हवेत गेली.

त्याच हवेत त्यानं शेजारच्या गोपाळरावांवर लिहिलं. निवृत्त कारकून, साधा माणूस. लेकीच्या पाठवणीत प्रशिकनं कॅमेऱ्यासाठी 'पुन्हा एकदा भेटा' म्हटल्यावर बिचारे पुन्हा भेटले, पण डोळ्यांत टिपूस नाही. शेवटी चष्मा पुसायचं नाटक केलं. लेखात नाव बदललं होतं, चष्मा तोच ठेवला होता. अख्खी कॉलनी पोट धरून हसली.

एक गोष्ट मात्र लेखकमहाशयांनी गिळली. बापलेक पहिल्यांदा गळ्यात पडले तेव्हा कॅमेरा सुरूच नव्हता. बटण दाबायचं राहिलं होतं. 'लाइट बरोबर नव्हता' म्हणून त्यानं वेळ मारून नेली होती.

सोमवारी गोपाळराव आले. भांडले असते तर बरं झालं असतं.

"अस्मितानं तिकडं इटलीत वाचलं गा. मले विचारून राहिली, बाबा, तुम्ही खरंच रडले नव्हते का? शूटिंगमधीबी दिसत नाही म्हणे. तो पहिल्या भेटीचा पीस असंन न तुझ्यापाशी? तिले पाठवून दे."

प्रशिकला मेल्याहून मेल्यासारखं झालं. 'खराब झाला' हे उत्तर ओठांवर आलं होतं. पण म्हातारा फार आशेनं बघत होता.

"नाही जी काका. कॅमेरा बंद होता. चूक माझी आहे."

 गोपाळरावांनी लेकीला फोन लावला आणि त्याच्या हातात दिला. "मग तूच सांग तिले. तू तर समोरच होता न."

"ताई, बाबा रडले होते," प्रशिक म्हणाला. "माझाच कॅमेरा बंद होता. मी चुकीचं लिहिलं."

"मीच इतकी रडत होते दादा, मला काही आठवतच नाही. कसे दिसत होते हो बाबा?"

दोघांच्या रडण्याचा आवाज तेवढा त्याच्या कानावर आला होता. तो त्या वेळी सजवलेल्या गाडीच्या काचेवर दिव्याची चमक येते का, ते बघत होता. गोपाळरावांकडे त्यानं पाहिलंच नव्हतं.

"सांग न गा," गोपाळराव म्हणाले. ते त्याच्या तोंडाकडे बघत होते, आणि प्रशिकला मान वर करायची लाज वाटत होती.