प्लासिडचा एक नंबर

सिद्धेशने आयुष्यात सगळ्यात सुबक काढलेला आकडा हाच त्याने घातलेला सगळ्यात मोठा घोळ ठरला.

मनवेलपाड्याच्या चाळीत राहून तो पाट्या रंगवायचा. ‘येथे कचरा टाकू नये’पासून रिक्षांच्या नंबरांपर्यंत काहीही. सत्त्याण्णव साली त्याच्याकडे प्लासिड तुस्कानो आपल्या मोटारसायकलची कोरी पाटी घेऊन आला. प्लासिड मातीच्या ट्रॅकवर मोटारसायकली पळवायचा, आणि आदल्या वर्षीचा विभागाचा चॅम्पियन होता. शर्यत वर्षातून एकदाच व्हायची. जिंकणाऱ्याला पुढच्या वर्षी गाडीवर एक नंबर लावायचा मान मिळायचा.

“पेंटर, एक टाक,” प्लासिड म्हणाला.

“एक नंबर टाकतो, प्लासिडभाई,” असं म्हणून सिद्धेश स्वतःच्याच विनोदावर हसला.

आणि टाकलाही तसाच. पिवळ्यावर काळा, कडेने लाल सावली, वरचा गोल भरदार, खालची शेपटी झोकात. ‘१’. विरारच्या यच्चयावत रिक्षा तेव्हा मराठी आकडे मिरवत हिंडायच्या. आकडा दुसऱ्या लिपीतलाही असतो हे सिद्धेशच्या मनात आलं नाही, आणि प्लासिडलाही खटकलं नाही. उलट पाटी उन्हात धरून तो बराच वेळ बघत राहिला.

प्लासिड म्हणजे गास गावच्या एका वाडीतलं पोर. पहाटे बापाच्या जुन्या राजदूतवर मागे फुलांचे भारे बांधून हातभर रुंदीच्या बांधावरून स्टेशन गाठायचं, हेच त्याचं शिक्षण. घसरला तर फुलं चिखलात, आणि घरी आई अँजेलिनाच्या हातात केळीचा सोट. त्यामुळे न घसरण्याची कला लवकर आली. पुढे ओहोटीच्या वाळूत, मग गोखिवऱ्याच्या बंद पडलेल्या खाणीत तो गाडी उडवायला लागला. अँजेलिना येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायची, “लोकांची पोरं गल्फला गेली, माझा चिखलात गेला.” पण कप घरी आला तेव्हा तिनेच तो देव्हाऱ्यात मारियामातेच्या शेजारी ठेवला आणि त्यात प्लॅस्टिकचे गुलाब खोचले.

सत्त्याण्णवची शर्यत नाशिकजवळच्या माळावर होती. त्या दिवशी एका मोटारसायकल कंपनीचा माणूस आला होता. कंपनीला आपल्या टीममध्ये एकच गडी घ्यायचा होता, जिंकेल तो. नवी गाडी, पगार, मेकॅनिक. प्लासिडची गाडी तोवर भंगारातल्या तीन गाड्यांची मिळून झाली होती. आणखी एक मोसम ती काढणार नाही, हे त्याला इंजिनाच्या आवाजावरून कळत होतं. म्हणजे आज, नाहीतर मग वाडीतली फुलं.

प्लासिड पहिला आला. मागच्याशी अर्ध्या फेरीचं अंतर होतं. सिद्धेश दोरीपलीकडे नाचत होता.

मग निकाल लागला. फेऱ्या हाताने लिहायला बसलेली मंडळी परराज्यातली होती. त्यांनी सिद्धेशचा झोकदार ‘१’ बघितला आणि प्रत्येक फेरीला इमानदारीत नऊ लिहिलं. नऊ नंबरचा खरा गडी वेगळाच होता, पुण्याचा धवल, नव्याकोऱ्या गाडीवर दुसरा आलेला. कागदावर नऊ नंबरने सगळ्यांच्या दुप्पट फेऱ्या मारल्या होत्या, आणि एक नंबर मैदानात उतरलाच नव्हता.

“ये नौ है,” पंच म्हणाले.

“एक आहे, साहेब. मराठीतला,” प्लासिड म्हणाला.

“रूल में मराठी नहीं है.”

तिथे विषय संपला. नियमात अंक इंग्रजी हवा होता. प्लासिडच्या फेऱ्या बाद झाल्या. धवल येऊन म्हणाला, “भाई, खरा तूच जिंकलास,” आणि हार घालून घ्यायला गेला. पुढे कंपनीतही तोच गेला.

परतताना टेम्पोत सिद्धेश पाटी मांडीवर पालथी घालून बसला होता. शिरसाड फाटा आला तेव्हा प्लासिडच बोलला.

“पेंटर, एक पाटी राहिली तुझ्याकडे. इंग्रजी एक. नुसती उभी रेघ असते रे. माझी आईपण काढेल.”

“उद्या देतो, भाई.”

“उद्या कोण लावू देणार? परत चॅम्पियन झालो की दे.”

पुढच्या वर्षी त्याला तेवीस नंबर मिळाला. सिद्धेशने तो इंग्रजीत, इतका साधा काढला की शाळेच्या फळ्यावरही चालला असता. कोणी चुकीचा वाचायची वेळच आली नाही, इंजिन तिसऱ्या फेरीत बसलं. त्याच्या पुढच्या वर्षी गुडघा गेला. पुढे शर्यतच बंद पडली. खाण बुजवून तिच्यावर बिल्डिंगी उभ्या राहिल्या, आणि वाडी बापाच्या आजारपणात विकली गेली.

दोन हजार पाचला सिद्धेशचं तुळिंजला रेडियमच्या स्टिकरांचं दुकान झालं होतं, आणि प्लासिड तिथल्याच एका ड्रायव्हिंग क्लासमध्ये बायकांना स्कूटर शिकवायचा. ब्रेक समजून कुणी ॲक्सिलरेटर पिळला की चॅम्पियन लंगडत मागे धावायचा. बँकेतल्या स्वप्नामॅडमनी एकदा सगळ्यांसमोर विचारलं, “सर, तुम्हाला स्पीडची भीती वाटते का हो?”

“फार वाटते, मॅडम,” प्लासिड म्हणाला. “मूठ हळू पिळा.”

एका दुपारी तो दुकानात आला. “पेंटर, एल टाकून दे. शिकाऊ गाडीला. जुना पुसला गेला.”

सिद्धेशने स्टिकर कापायचं सोडून माळ्यावरून ब्रश काढला. पांढऱ्या पत्र्यावर लाल रंगाने वरून खाली उभी रेघ ओढली आणि थांबला.

“भाई, इथेच थांबू का?”

प्लासिडने पत्रा बघितला. त्यावर इंग्रजी एक होता, सरळ, स्वच्छ, कुणालाही वाचता येईल असा.

“पाय काढ त्याला,” तो म्हणाला. “मॅडम खोळंबल्यात.”

सिद्धेशने खालची आडवी रेघ ओढली. प्लासिड खिशात हात घालायला लागला, तेव्हा तो म्हणाला, “राहू द्या, भाई. त्या पाटीच्या बदल्यात.”

“छ्या. ही पाटी ही, आणि ती ती,” प्लासिडने नोट काचेवर ठेवली. “ती तुझ्याकडे राहिलीय, ती राहू दे.”

आणि ओला पत्रा अंगापासून लांब धरून तो लंगडत रस्ता ओलांडून गेला.