तांब्याचे चौदा तुकडे

ऊनिसा बुकेर्मा डाव्या कानाने ठार बहिरी होती आणि उजव्याने निम्मी. कॉन्स्टंटाइन शहरातल्या तांबटआळीत जन्मलेल्या माणसाला यात काही विशेष वाटत नाही. तिचे वडील सी लारबी जन्मभर ताटं आणि किटल्या ठोकत आले, आणि ही पाच वर्षांची असल्यापासून ऐरणीशेजारी बसून त्यांना झिलई द्यायची. आळीत सगळेच ओरडून बोलतात, त्यामुळे तिथे तिचं कधी अडलं नाही. अडायचं ते आळीबाहेर. दोनदा तिला बघायला लोक आले. दुसऱ्या वेळी मुलाच्या आईने काहीतरी विचारलं, हिने भलतंच उत्तर दिलं, आणि बायका तोंडावर हात धरून हसल्या. तिसऱ्यांदा ती पाहुण्यांसमोर आलीच नाही.

तिचं हे सगळं मला तुकड्यातुकड्यांनी कळलं. काही तिच्याकडून, काही प्राध्यापक बेलअत्तार यांच्याकडून.

१९८१ साली बेलअत्तार सी लारबींच्या दुकानात आले. नुकतेच फ्रान्सहून शिकून परतले होते, आणि टेकडीवरच्या विद्यापीठात पृष्ठभागांचं भौतिकशास्त्र सुरू करायचं त्यांच्या मनात होतं. त्यांनी खिशातून नाण्याएवढी एक तांब्याची चकती काढली.

"सी लारबी, याचा आरसा करून द्याल?"

"हे काय? बाहुलीचं ताट?"

"तांबंच आहे, पण जरा वेगळं. तुमच्या ताटातल्या तांब्यात असंख्य कण असतात, प्रत्येकाचं तोंड वेगळ्या दिशेला. यात अणूंच्या रांगा या काठापासून त्या काठापर्यंत एकसारख्या."

"म्हणजे शिस्तीचं तांबं. सरकारी असणार!" सी लारबी म्हणाले. "फ्रान्सला का नाही पाठवत?"

"पाठवतो. सहा महिन्यांनी परत येतं."

"मग पोरीला द्या. माझा हात ठोकायचा. पुसायचा हात तिचा."

तिसऱ्या दिवशी तिने चकती परत दिली. तिच्यात पापणीचे केस मोजता येत होते. बेलअत्तारांनी ती आपल्या यंत्रात बसवली. यंत्र म्हणजे हवा काढून टाकलेलं पोलादी भांडं. त्यात चकतीवर इलेक्ट्रॉनचा झोत सोडायचा. अणूंच्या रांगा अगदी वरच्या थरापर्यंत शाबूत असतील, तर हिरव्या पडद्यावर ठिपक्यांची नीटस नक्षी उमटते. पडद्यावर नुसतं धुकं आलं.

ते पुन्हा दुकानात आले. "चमक आहे. पण वरचा थर चिरडलाय. घासताना तुझ्या हाताचा जोर आत गेला."

"चमक मागितलीत, चमक दिली," ऊनिसा म्हणाली. मग त्यांच्या हातातून चकती तिने हिसकावूनच घेतली.

पुढचे चार महिने ती त्या एका चकतीशी झगडत होती. आधी भुकटी बारीक केली, मग त्याहून बारीक. कापडाऐवजी मखमल घेतली. शेवटी नुसत्या बोटाच्या वजनावर चकती फिरवायला शिकली. बेलअत्तारांनी तिला आम्लात चकती बुडवून वीज सोडायला दाखवलं. त्याने चिरडलेला थर हळूच विरघळतो, पण क्षणभर जास्त झालं की खड्डे पडतात. तो क्षण तिने डोळ्यांनी ओळखायला शिकून घेतला. घड्याळ तिने कधीच वापरलं नाही.

एका सकाळी पडद्यावर ठिपके आले. बेलअत्तारांनी निरोप धाडून तिला बोलावून घेतलं. ती बराच वेळ बघत राहिली.

"हे मी केलं?"

"ते आत होतंच. तू वरचं काढलंस." मग उत्साहाच्या भरात ते तिच्या उजव्या कानाशी ओरडून सांगू लागले, की आतल्या अणूला चहूबाजूंनी शेजारी असतात, वरच्या थरातल्या अणूला वरच्या अंगाला कोणीच नसतं, म्हणून तो जवळून जाईल ते धरून ठेवतो, मग हवा असो, पाणी असो, नाहीतर घाण.

"ज्याला शेजारी नाही तो मिळेल ते धरतो," ऊनिसा म्हणाली. "आळीतली कुठलीही म्हातारी हे सांगेल. त्याला एवढं लोखंड कशाला लागतं?"

हे सांगताना बेलअत्तार वीस वर्षांनंतरसुद्धा डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसले होते.

तिला विद्यापीठात तंत्रज्ञाची नोकरी मिळाली. खोली तळमजल्याच्या टोकाला, कारण रस्त्याचे हादरे नकोत आणि धूळ नको. धुळीपायी दारही बंदच. तिला दारावरची थाप ऐकू येत नाही म्हणून बेलअत्तारांनी, तिच्या उस्तादांनी, आत एक लाल दिवा बसवून दिला होता, बाहेरून कळ दाबली की तो पेटायचा. बारा वर्षं तो दिवसातून पाच-सहादा पेटत असे. विद्यार्थी चकत्या घेऊन यायचे, चकत्या घेऊन जायचे, कोणी खजूर ठेवून जायचं, कोणी लग्नाची मिठाई. थांबायचं मात्र कोणी नाही. थांबलं की धूळ होते, हे तिनेच सगळ्यांना बजावलेलं.

१९९४ साली, देशात यादवी पेटलेली असताना, बेलअत्तारांच्या दाराखालून धमकीची चिठ्ठी आली. त्या वर्षी तसल्या चिठ्ठ्या कोणी थट्टेवारी नेत नव्हतं. आठवड्याच्या आत ते बायकामुलांना घेऊन फ्रान्सला, ग्रेनोबलला निघून गेले. जाताना ऊनिसाला भेटले, पण घाईत डाव्या कानाशी बोलले. काय बोलले ते तिला कधीच कळलं नाही. पुन्हा विचारायचीही तिला लाज वाटली.

विद्यार्थी पांगले. यंत्राचा पंप दुसऱ्या विभागाने उचलून नेला, भांड्यात हवा शिरली. लाल दिवा पेटेनासा झाला. ती रोज बसने टेकडी चढून यायची, खोली पुसायची, बसायची, संध्याकाळी खाली जायची. सहा महिन्यांनी तिने उस्तादांना पत्र टाकलं: इथे सगळं ठीक. काम नाही. मी रोज येते.

उत्तरादाखल एक पुडकं आलं. आत दोन खडबडीत चकत्या, आणि चिठ्ठी: यांची इथे गरज आहे. सवडीने कर.

सवडीने करणं तिच्या स्वभावात नव्हतं. तिकडे कोणाचं तरी काम अडलंय म्हणून ती सुट्टीच्या दिवशीही येऊ लागली. तयार चकत्या कापसात गुंडाळून, डबीवर तारीख लिहून, ओळखीच्या प्रवाशाबरोबर धाडायची. मग नव्या यायच्या, वर्षाला साधारण दोन. १९९७ साली सी लारबी वारले. अन्नाबा गावी राहणारी धाकटी बहीण यामिना तिला न्यायला आली. नवरा बोटीवर, घरात एक खोली रिकामी, समोर समुद्र.

"चल ताई. इथे आता कोणासाठी राहतेस?"

"उस्तादांचे तुकडे अडलेत गं. हे दोन झाले की येते."

ते दोन झाले तेव्हा पुढचा आला होता. २००१ च्या हिवाळ्यात यामिना तापाने गेली. ऊनिसा तिथे पोचली तोवर दफन झालं होतं.

मी तिला भेटले १९९८ मध्ये. पदव्युत्तर वर्गात होते आणि आमच्या मजल्यावर शेगडी नव्हती. तिच्या खोलीत होती. मी कळ दाबली. दार उघडून तिने मला आपादमस्तक पाहिलं.

"बूट काढ. बस. हलू नकोस. आणि श्वास खाली सोड, चकतीवर नको."

दोन हिवाळे मी तिथे बसून अभ्यास केला. ती तासन्तास बोलत नसे. मग मध्येच, "वसीला, तुझं लग्न ठरलं की नाही?"

"नाही, मावशी."

"ओरडून सांग, कोणाला चोरून सांगतेस?"

"नाही!!"

"बरं आहे. तिकडे जाऊन शीक. उस्तादांना सांग, दहावा तयार आहे."

मी गेले. २००२ साली बेलअत्तारांच्याच प्रयोगशाळेत रुजू झाले. वसंतात एकदा तांब्याचा नमुना शोधत होते. त्यांच्या टेबलाचा खालचा खण ओढला, तर आत डब्या. चौदा. प्रत्येकीवर तिच्या अक्षरात तारीख, आणि तिने चिकटवलेली पट्टी जशीच्या तशी. एकही उघडलेली नव्हती.

बेलअत्तार दारात उभे होते.

"आपण झिलई केलेले विकतच घेतो ना?" मी विचारलं.

"पंच्याण्णवपासून."

"मग तिला का पाठवत राहिलात?"

"तिने लिहिलं, काम नाही. दुसरं काही पाठवलं असतं तर तिने घेतलं नसतं. म्हणून काम पाठवलं."

"निदान एखादी उघडून तरी बघायची होतीत!"

ते खाली बसले. पांढऱ्या दाढीचा तो माणूस एकदम म्हातारा दिसला. "पहिली हातात घेतली होती," ते म्हणाले. "डबीला त्या खोलीचा वास होता. उघडवेना. मग दुसरीही नाही उघडवली."

मला त्यांची दया आली आणि रागही आला. त्या आठवड्यात मी चौथी डबी उघडली, चकती यंत्रात बसवली. विकतच्या नमुन्यांवरही इतके बारीक, धारदार ठिपके मी पाहिले नव्हते. फोटो काढला आणि उन्हाळ्यात तो घेऊन घरी आले.

ऊनिसा विद्यापीठातल्या आपल्या खोलीत जेवत होती. घरची रोटी, उकडलेलं अंडं, चार ऑलिव्ह. हात धुऊन तिने फोटो उजेडात धरला.

"हे ठिपके कडेला जरा ओढलेत बघ. तेव्हा बोट कापलं होतं माझं." मग फोटोमागे मी उतरवलेली डबीवरची तारीख पाहून, "हा चौथा. शहाण्णवचा. सहा वर्षं लावलीत? बाकीच्यांचं काय निघालं?"

मी तोंडातल्या तोंडात काहीतरी म्हणाले.

"ऐकू नाही आलं."

"वापरले नाहीत, मावशी."

"काय?"

"वापरले नाहीत!" मी ओरडले. "एकही नाही! खणात आहेत!"

बाहेरच्या कॉरिडॉरमध्ये कोणाची तरी पावलं थबकली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. असली गोष्ट हळू सांगायची सोयसुद्धा नव्हती.

 तिने उरलेली रोटी फडक्यात गुंडाळली. मग म्हणाली, "लागत नव्हते तर सांगायचं होतं. मी सावकाश केले असते. मधे अन्नाबाला जाऊन आले असते."

एवढंच. ती रडली नाही, मलाही रडू दिलं नाही. "टेबलावर टेकू नकोस," म्हणाली.

तिने उस्तादांना पत्र लिहिलं. ते मी पाहिलं, कारण त्यांनीच मला वाचायला दिलं. "तुकडे अडले नव्हते हे कळलं. तुमचा हेतू चांगला होता. आता पाठवू नका. तब्येत जपा." त्या दिवशी ते प्रयोगशाळेतून लवकर गेले. पुढे त्यांनी तिला दोनदा लिहिलं. उत्तर आलं नाही.

ती निवृत्त होईपर्यंत आणखी सहा वर्षं त्या खोलीत जात राहिली. मी इथे शिकवायला परतल्यावर तिच्याकडे दोन मुली शिकायला पाठवल्या. एक तीन दिवस टिकली. दुसरी म्हणाली, मॅडम, एवढा वेळ कोणाकडे आहे, आणि ते खोटं नव्हतं. आता त्या खोलीत जुन्या खुर्च्या ठेवलेल्या असतात.

ऊनिसा आळीतच राहते, बापाच्या दुकानाच्या वरच्या मजल्यावर. आता उजवा कानही गेल्यातच जमा आहे. वसंतात घरोघर नारंगीच्या फुलांचा अर्क काढायची लगबग सुरू झाली की शेजारणी तांब्याची भांडी घेऊन जिना चढतात. ती भांडं हातात घेते, आत बोट फिरवून कल्हई कुठे उडाली ते बघते, आणि आधी विचारते, "कधी हवंय? खरी तारीख सांग."

बाया हसतात, उद्याच हवं म्हणतात, आणि भांडं ठेवून लगेच खाली उतरतात. मी महिन्यातून एकदा जाते. उजव्या बाजूला बसते. ती काम करते, मी बघते, आणि अंधार पडायच्या आत ती मला बसला जायला सांगते.