छत्तीसातले सात

बँकेत जुना प्रिंटर करकरला आणि शाईचा वास आला, की मी नापास झालो तो दिवस आठवतो. दुष्काळाचं साल होतं. लासूर स्टेशन गावात मुलगी बघायला गेलेल्या आम्हां पाहुण्यांना अर्धा-अर्धाच पेला पाणी मिळालं होतं, आणि शहरातला समजूतदार पोरगा दिसावं म्हणून मी ते घोटाघोटानं पीत होतो. मुलीच्या वडलांनी शहरातल्या औरंगपुऱ्यातून काढून आणलेला, कडेला भोकं असलेला पत्रिकेचा लांब कागद उलगडला. “कॉम्प्युटर म्हणतो, छत्तीसातले सातच गुण जुळतात. आता मशीनपुढं आपण काय बोलणार?” माझे मामा उठून चपला शोधू लागले. तेवढ्यात मुलगीच पुढं आली, कागद वाचला आणि म्हणाली, “अण्णा, ह्यात मी सकाळी जन्मलेय. मी तर दिवेलागणीची. दुसऱ्याच कुणाची वेळ पडलीय ह्यात.” “मग उद्या परत काढून आणतो,” वडील म्हणाले. “नाय. आता काढायचंच नाय. जास्त आले, तर मशीनच्या मेहरबानीनं लगीन झालं म्हणाल. मला पोरगा पसंत हाय, तेवढं लई झालं.” मामा गुपचूप खाली बसले. आज आमची मुलं मोबाइलवर आमचे गुण काढायला टपलेली असतात. पण त्यांची आई जन्माची नेमकी वेळ सांगत नाही, आणि मी बजावून ठेवलंय, पुरे छत्तीस निघाले तरी ह्या घरात बोलायचं नाही.